माइक बंद होतो त्यापुढची थेम्स

लंडनमध्ये घर असलेल्या मराठी माणसाकडे मे-जूनमध्ये पाहुणे येतात. पाहुण्यांचा कार्यक्रमही ठरलेला असतो. एक दिवस विंडसर, एक दिवस मादाम तुसाँ, एक दुपार वेम्ब्लीला खरेदी, आणि हवा बरी असेल त्या दिवशी वेस्टमिन्स्टरच्या धक्क्यावरून ग्रिनिचपर्यंत थेम्समधली बोट. मी ही फेरी किती वेळा केली याची मोजदाद ठेवलेली नाही. दीर-जावा झाल्या, भाचे झाले, भाच्यांच्या सासरची माणसं झाली, एका वर्षी तर जाऊबाईंच्या भिशीतल्या नऊ जणी एकदम आल्या होत्या. प्रत्येक वेळी मी वरच्या डेकवर उजव्या हाताची शेवटची जागा धरते, स्वेटरची बटणं लावते आणि माइकवरचा माणूस काय सांगतो ते ऐकते.

फेरी उत्तम आहे, ज्यांनी केली नसेल त्यांनी जरूर करावी. माझं म्हणणं त्या माइकबद्दल आहे. वेस्टमिन्स्टर ते टॉवर ब्रिज तो माणूस अखंड बोलतो. टॉवर ब्रिज डोक्यावरून मागे गेला की एखाद-दुसरा पब आणि एखाद्या नटाचा फ्लॅट दाखवतो, "ग्रिनिच आलं की सांगतो" म्हणतो आणि माइक खाली ठेवतो. पुढे बराच वेळ नुसता इंजिनाचा आवाज. लंडनची श्रीमंती ज्या काठांवर उतरली, ते काठ नेमके याच शांततेत निघून जातात. तुमच्या-माझ्या कोकणातली, गोव्यातली माणसं या शहरात पहिल्यांदा उतरली तीही इथेच.

आधी जे सांगितलं जातं त्याबद्दल. बोलणारा बहुधा बोटीवरचा खलाशीच असतो. "मी काही अधिकृत गाइड नाही, ऐकलेलं सांगतो" अशी सुरुवात करतो आणि शेवटी टोपी फिरवतो. त्याचे विनोद इतकी वर्षं जवळपास तेच आहेत. बिग बेन हे घड्याळाचं नाव नसून घंटेचं, मनोऱ्याला २०१२ पासून एलिझाबेथ टॉवर म्हणतात. क्लिओपात्राच्या सुईचा क्लिओपात्राशी संबंध नाही, ती तिच्याही कितीतरी शतकं आधीची. १९६८ साली एका अमेरिकन माणसाने जुना लंडन ब्रिज विकत घेतला आणि दगडन् दगड ॲरिझोनात नेऊन उभा केला, तो म्हणे टॉवर ब्रिज समजून. (शेवटचा भाग खरा नाही, घेणाऱ्याने आणि विकणाऱ्यांनी दोघांनीही तो नाकारला आहे. पण हशा इतका हमखास मिळतो की तो कोण सोडणार?) मग शेक्सपिअरचं ग्लोब, मग टॉवरमध्ये कुणाकुणाची डोकी उडवली त्याची यादी. त्या यादीत बायकाच जास्त लक्षात राहतात.

यात मला सगळ्यात आवडतो तो वॉटर्लू ब्रिजचा भाग. तिथे माइकवाला सांगतो की या पुलाला 'लेडीज ब्रिज' म्हणतात. दुसऱ्या महायुद्धात पुरुष आघाडीवर गेले तेव्हा पुलाचं बरंच काम बायकांनी केलं. १९४५ मध्ये पुलाचं औपचारिक उद्घाटन झालं, तेव्हा हर्बर्ट मॉरिसन यांनी भाषणात पूल बांधणाऱ्या पुरुषांचं कौतुक केलं आणि बायकांचा शब्दही काढला नाही. कंत्राटदारांच्या नोंदी पुढे सापडेनाशा झाल्या. ही गोष्ट जिवंत राहिली ती बऱ्याच अंशी थेम्सवर बोटी चालवणाऱ्या माणसांच्या तोंडी. नंतर अभ्यासक मागे लागले, वेल्डिंग करणाऱ्या बायकांची छायाचित्रं हाती आली आणि २०१५ मध्ये पुलाच्या अधिकृत वारसा-नोंदीत त्यांचा उल्लेख झाला. म्हणजे सरकारी भाषणात जे सुटलं ते बोटीवरच्या बडबडीने सत्तर वर्षं सांभाळलं. मी आयुष्यभर आर्थिक इतिहास शिकवला, कागदपत्रांवर माझा विश्वास आहे, पण इथे कागद कमी पडले आणि माइकवाला पुरा पडला हे कबूल करायला हवं. म्हणूनच तो पुढे गप्प होतो तेव्हा मला जास्त टोचतं.

आता कोहिनूर. टॉवर दिसू लागला की आपल्या पाहुण्यांपैकी कुणीतरी म्हणणारच, "आपला हिरा तिथेच ना?" गाइडलाही हे पाठ आहे. बोटीवर भारतीय चेहरे दिसले की तो हात जोडून म्हणतो, कृपया परत मागू नका, किल्ली माझ्याकडे नाही. सगळे हसतात. आपण जरा कडवट हसतो, आणि आपल्यापुरता भारताचा विषय तिथे संपतो.

खरं तर कोहिनूर या नदीने आलाच नाही. १८४९ मध्ये लाहोरच्या तहात दहा वर्षांच्या दुलीपसिंगाकडून तो घेतला. एप्रिल १८५० मध्ये मुंबईहून तो 'मिडिया' नावाच्या युद्धनौकेवर चढवला आणि उतरवला पोर्ट्समथला. तिथून पुढे तो लंडनला आला. हिऱ्याबद्दल ज्याला जे वाटायचं ते वाटो. पण थेम्सच्या मध्यावर उभं राहून आपल्याला हिंदुस्थानातून आलेली एकच वस्तू आठवावी, आणि तीही या पाण्यावरून न आलेली, हे विचित्र आहे. एका हिऱ्यावर कुठलं बंदर उभं राहत नाही. बंदर उभं राहतं चहा, नीळ, मिरी, ताग, कापूस, साखर अशा वजनदार, वासाच्या, भिजली तर नासणाऱ्या मालावर, आणि तो वाहणाऱ्या माणसांवर.

हे काम कसं चालायचं ते बोटीवरून छान समजावता येतं. थेम्स समुद्राच्या भरती-ओहोटीची नदी आहे. लंडन ब्रिजपाशी पाणी ७ मीटरपर्यंत चढतं-उतरतं. काठावरच्या भिंतींवर शेवाळाची रेघ किती उंच आहे ते बघा, म्हणजे कल्पना येईल. परदेशातून आलेला जकातीचा माल उतरवायला कायद्याने लंडन ब्रिज आणि टॉवर यांच्यामधले मोजके धक्के ठरवून दिलेले होते. अठराव्या शतकाच्या शेवटी तिथे जहाजांची एवढी दाटी होई की माल उतरवायला आठवडेच्या आठवडे लागत, आणि तोवर चोऱ्या होत. ईस्ट इंडिया कंपनीची मोठी जहाजं तर इतक्या वर येतच नसत. ती खाली ब्लॅकवॉलला नांगर टाकत आणि माल पडावांतून वर आणला जाई. यावर उपाय म्हणून भिंती घालून, दरवाजे लावून गोद्या खोदल्या. वेस्ट इंडिया गोदी १८०२, वॉपिंगची लंडन गोदी १८०५, ईस्ट इंडिया गोदी १८०६, आणि टॉवरला अगदी खेटून सेंट कॅथरिन गोदी १८२८. या शेवटच्या गोदीसाठी सुमारे ११ हजार माणसांची वस्ती उठवली, त्यातल्या बहुतेक भाडेकरूंना काहीही मिळालं नाही. आज तिथे श्रीमंतांच्या यॉट डुलतात आणि 'आयव्हरी हाउस' नावाची देखणी इमारत उभी आहे. नाव हस्तिदंतावरूनच पडलं.

समोरच्या काठावर बटलर्स व्हार्फ. मी या देशात आले १९७६ साली. तेव्हा त्या वखारी बंद पडून थोडीच वर्षं झाली होती आणि सगळी गल्ली ओसाड होती. पण पाऊस पडून गेला की विटांमधून मिरी-दालचिनीचा वास यायचा. परदेशात नवीन आलेल्या मुलीला तो वास काय वाटला असेल ते सांगायला नको. आता त्या वखारींचे फ्लॅट झालेत आणि इमारतींची नावं आहेत कार्डमम, क्लोव्ह, सिनेमन. तिकडे ब्लॅकवॉलला ईस्ट इंडिया गोदी बुजवून केलेल्या वसाहतीत तर नटमेग लेन आणि सॅफ्रन ॲव्हेन्यूही आहे. मसाल्याच्या डब्यातली झाडून सगळी नावं रस्त्यांना मिळाली. मसाला आणणाऱ्यांचं नाव कुठल्या गल्लीला मिळाल्याचं माझ्या पाहण्यात नाही.

ही आणणारी माणसं म्हणजे लास्कर. मूळ शब्द फारसी 'लश्कर', पण इंग्रजांच्या तोंडी त्याचा अर्थ झाला हिंदुस्थानी खलाशी. लंडनहून निघालेल्या जहाजावरचे गोरे खलाशी वाटेत आजाराने मरत, मुंबई-कलकत्त्यात पळून जात, नाहीतर आरमार त्यांना उचलून नेई. परतीच्या प्रवासाला माणसं हवीत म्हणून मुंबई, सुरत, कलकत्त्यातून लास्कर घेत. पण इंग्रजी कायदा म्हणे की ब्रिटिश जहाजावर तीन चतुर्थांश खलाशी ब्रिटिश हवेत. म्हणजे येताना शिडं ओढणारा हा माणूस जाताना खलाशी म्हणून चालायचा नाही. त्याने उतारू म्हणून परत जायचं, तेही मोसमी वाऱ्यांचं गणित जुळून पुढचं जहाज सुटेल तेव्हा. तोवर कित्येक महिने तो वॉपिंग, शॅडवेल, लाइमहाउसच्या गल्ल्यांमध्ये, अंगावर मुंबईचे कपडे आणि समोर लंडनचा जानेवारी. १७८६ च्या हिवाळ्यात रस्त्यावर कुडकुडणाऱ्या लास्करांसाठी लंडनकरांनी वर्गणी जमवली, त्यासाठी समिती स्थापन झाली. १८२३ च्या कायद्याने तर स्पष्टच केलं की हे लोक राजाची प्रजा असले तरी त्यांना 'ब्रिटिश खलाशी' धरायचं नाही. पुढे वाफेची जहाजं आली, सुवेझ कालवा झाला, तीन चतुर्थांशाचा नियम गेला आणि लास्करांची संख्या वाढतच गेली. पहिल्या महायुद्धाच्या सुरुवातीला ब्रिटिश व्यापारी जहाजांवर सुमारे ५० हजार हिंदुस्थानी खलाशी होते. पगार गोऱ्याच्या एक तृतीयांश किंवा त्याहूनही कमी, करार वेगळे, झोपायला जागाही कमी.

ही माणसं कुठली? पी अँड ओ कंपनीच्या मुंबईहून सुटणाऱ्या जहाजांवर साधारण वाटणी ठरलेली होती. डेकवर रत्नागिरी जिल्ह्यातले आणि गुजरातच्या किनाऱ्यावरचे, इंजिनखान्यात पंजाबी आणि पठाण, स्वयंपाकघरात आणि जेवणाच्या दालनात गोव्याचे ख्रिस्ती. डेकवरच्या टोळीचा मुख्य सारंग, त्याच्या हाताखाली तांडेल, कोठाराचा कसाब, त्यांचं जेवण रांधणारा भंडारी, कोळशाच्या भट्टीपाशी आगवाला. हे शब्द इंग्रजी स्पेलिंगमध्ये इंग्रज कंपन्यांच्या हजेरीपटांवर आहेत. दाभोळ-हर्णैकडच्या कुणालाही विचारा, सारंग आणि तांडेल ही आजही आडनावं आहेत, आणि मच्छीमार होडीचा प्रमुख आजही तांडेलच.

माझं माहेर दापोली तालुक्यातलं. आमच्या घरामागच्या मोहल्ल्यात जवळजवळ प्रत्येक घरात एक माणूस 'बोटीवर' असायचा. "तुझे अब्बा कुठे असतात?" "बोटीवर." एवढं उत्तर पुरायचं. कुठली बोट, कुठला देश, कुणी विचारत नसे. ते सुट्टीवर येत तेव्हा पत्र्याच्या ट्रंकेवर पांढऱ्या रंगात इंग्रजीत नाव लिहिलेलं असे, आणि आत लोकरी कांबळी, बिस्किटांचे डबे, पोरांसाठी पेन्सिली. आमच्या आळीतल्या बायका कौतुकाने त्या बघायला जात. टिल्बरी हा शब्द मी शाळेतल्या भूगोलाच्या पुस्तकाच्या आधी त्या मोहल्ल्यात ऐकला. पुढे मुंबई बंदराच्या व्यापारावर मी पीएच.डी. केली. प्रबंधात गाठींचे, टनांचे आणि पौंडांचे तक्ते होते, आणि विषय व्यापाराचा असल्याने तिथे ते योग्यच होतं. पण बोट लाइमहाउसपाशी येते तेव्हा मला ते तक्ते आठवत नाहीत, त्या ट्रंका आठवतात.

लाइमहाउसला वेस्ट इंडिया डॉक रोडवर १८५७ साली एक वसतिगृह उघडलं. त्याचं लांबलचक नाव होतं 'स्ट्रेंजर्स होम फॉर एशियाटिक्स, आफ्रिकन्स अँड साउथ सी आयलंडर्स'. कोनशिला आदल्या वर्षी राणीच्या नवऱ्याने बसवली. देशोदेशीच्या खलाशांना परतीचं जहाज मिळेपर्यंत तिथे राहता येई. जोसेफ सॉल्टर नावाचा हिंदुस्तानी बोलणारा मिशनरी तिथे वर्षानुवर्षं काम करत होता, त्याचं पुस्तकही आहे. धर्म बदलायच्या हेतूने का होईना, या लोकांशी त्यांच्या भाषेत बोलणारा आणि त्यांच्याबद्दल लिहून ठेवणारा तो एक माणूस. हे घर १९३७ पर्यंत चाललं. त्याला देणगी देणाऱ्यांत महाराजा दुलीपसिंग होता. कोहिनूर ज्याच्याकडून घेतला तोच. टॉवरपाशी हिऱ्याचा विनोद करणाऱ्या गाइडला पुढे लाइमहाउसला दोन वाक्यांत ही जोड किती सहज देता येईल! विनोद काढून टाकायचीसुद्धा गरज नाही.

दुसरी जोड तर टॉवरच्याच आवारालगत आहे. टॉवर हिलवर ल्युटेन्सने उभारलेलं व्यापारी खलाशांचं स्मारक आहे. महायुद्धांत समुद्रात गेलेल्या, ज्यांना थडगं नाही अशा खलाशांची नावं तिथे काशाच्या पट्ट्यांवर कोरली आहेत, पहिल्या युद्धातली सुमारे १२ हजार, दुसऱ्यातली सुमारे २४ हजार. बोटी त्याच, बुडाले त्याच टॉर्पेडोने, पण हिंदुस्थानी करारावरच्या खलाशांची नावं मुख्यतः तिथे नाहीत. पहिल्या युद्धातल्या २ हजारांहून जास्त जणांचं स्मारक मुंबईत मशीद बंदरला, खलाशांच्या वसतिगृहाच्या इमारतीत आहे. मुंबईत नावं असणं चूक नाही, माणसं तिथलीच होती. पण टॉवर पाहायला येणाऱ्या लाखो लोकांना या इतिहासाची दुसरी वही समुद्रापलीकडे ठेवलेली आहे, हे कळायला काही मार्ग नाही.

इथपर्यंत सगळा दोष माइकवाल्याचा वाटेल. तसा तो नाही. आपल्या मंडळांच्या कार्यक्रमांत 'लंडनमधल्या मराठी पाऊलखुणा' हा विषय दर काही वर्षांनी येतो, आणि चांगला येतो. सातारच्या प्रतापसिंह महाराजांची बाजू मांडायला येऊन लेडनहॉल स्ट्रीटवर कंपनीच्या दारात सुमारे चौदा वर्षं खेटे घालणारे रंगो बापूजी, चिरोल खटल्यासाठी आलेले टिळक, हायगेटचं इंडिया हाउस आणि सावरकर, किंग हेन्रीज रोडवरचं बाबासाहेबांचं घर. हे सगळं सांगितलंच पाहिजे. पण यादी नीट पाहिली तर ही सगळी माणसं जहाजावर तिकीट काढून आलेली आहेत. त्याच जहाजांचे दोर ओढणारे, त्यांच्या केबिनमध्ये चहा नेऊन देणारे आपल्या यादीत नाहीत. ते बहुतांशी कोकणी मुसलमान, गोव्याचे ख्रिस्ती, किनाऱ्यावरच्या मच्छीमार जातींतले. त्यांनी ग्रंथ लिहिले नाहीत, खटले लढवले नाहीत, त्यांची मुलं आपल्या मंडळांचे सभासद झाली नाहीत. गाइडला लास्कर माहीत नाहीत कारण त्याला कुणी सांगितलं नाही. आपल्याला मात्र घरामागचा मोहल्ला माहीत होता.

सिल्हेटच्या लोकांनी हे केलं आहे. कलकत्त्याहून सुटणाऱ्या जहाजांच्या इंजिनखान्यात सिल्हेटी असत. त्यातले काही लंडनला उतरून राहिले, खाणावळी काढल्या, आणि आज ब्रिक लेनचा इतिहास सांगायचा तर खलाशांपासूनच सांगावा लागतो. कॅरोलाइन ॲडम्स यांनी त्यातल्या म्हाताऱ्या माणसांच्या आठवणी त्यांच्याच तोंडून घेऊन १९८७ मध्ये पुस्तक केलं. तेव्हा ती माणसं हयात होती. रत्नागिरीचे खलाशी इथे राहिले नाहीत, परत गेले, हा फरक आहे हे मान्य. पण त्यांच्या ट्रंका, करारांची कागदं आणि नातवंडं अजून आहेत.

परवा हे सगळं मी आमच्या एका स्नेह्यांना सांगितलं. ते म्हणाले, "ताई, लोक सुट्टीवर आलेले असतात. पैसे देऊन बोटीत बसतात ते काय थंडीत मेलेल्या खलाशांच्या गोष्टी ऐकायला?" मुद्दा बिनतोड वाटतो, पण नाही. याच बोटीवर लोक राण्यांची डोकी उडवल्याच्या गोष्टी आईस्क्रीम खाता खाता ऐकतात. वॉपिंगला आलं की कॅप्टन किडला १७०१ मध्ये फाशी देताना पहिला दोर कसा तुटला तेही रंगवून सांगितलं जातं. त्याच्यावरच्या चाचेगिरीच्या आरोपातलं मोठं जहाज बंगालमधून सुरतेला कापड, रेशीम, साखर घेऊन निघालं होतं, एवढं मात्र कुणी सांगत नाही. दुःख चालतं, मरण तर फारच चालतं. हे राहतं केवळ सवयीने. आणि सवय बदलते, हे ग्रिनिचच्या अलीकडेच दिसतं. वेस्ट इंडिया गोदीच्या जुन्या साखरेच्या वखारीत आता डॉकलँड्सचं संग्रहालय आहे आणि साखरेमागची गुलामगिरी तिथे लपवलेली नाही. त्याच्या दारातला रॉबर्ट मिलिगन या गुलाममालकाचा पुतळा २०२० मध्ये हलवला. हॅकनीत ज्या घरात हिंदुस्थानी आया परतीच्या बोटीची वाट बघत राहत, त्यावर २०२२ मध्ये निळी पाटी लागली. या गोष्टी आपोआप झाल्या नाहीत, कुणीतरी पत्रं लिहिली, पाठपुरावा केला.

दुसरी भीती मला आपल्याच लोकांची वाटते. हा विषय हाती आला की आपण त्याची तक्रारवही करू, नाहीतर मिरवणूक काढू. दोन्ही नकोत. लास्कर नुसते बिचारे नव्हते. त्यांनी संप केले, पगारासाठी भांडले, बंदराबंदरांत ओळखी काढून मुलाबाळांना नोकऱ्या लावल्या, आणि कोकणातली कितीतरी घरं त्या पैशावर चिऱ्यांची झाली. त्यांना 'मराठी पराक्रम' या मखरात बसवायचीही गरज नाही, त्यातल्या अनेकांना ते नावही पटलं नसतं. सारंग काय करतो, करार कसा होता, थंडीत कुठे झोपत होते, एवढं सांगितलं तरी पुष्कळ आहे.

म्हणून कार्यकारिणीला माझी एक सूचना आहे. दरवर्षी आपण उन्हाळ्यात कोचने सहल काढतो. पुढच्या वर्षी कोचऐवजी एक बोट ठरवावी, टॉवरच्या धक्क्यावरून ग्रिनिचपर्यंत, आणि माइक आपल्याकडे घ्यावा. येताना पाऊण तास मराठीत, जाताना इंग्रजीत. मराठीतलं बोलणं करायला मी तयार आहे, इंग्रजीतलं मात्र पंचविशीच्या आतल्या कुणीतरी करावं. हा लेख अंकाच्या मराठी पानांवर छापला जाणार, म्हणजे तो माझ्या वयाचेच लोक वाचणार हे मला ठाऊक आहे. तेव्हा ज्यांच्या घरी इंग्रजी पानं वाचणारी मुलं-नातवंडं आहेत त्यांनी हे जेवताना सांगावं. दिवस ठरवताना भरती-ओहोटीचं कोष्टक बघावं. ओहोटी असली तर वॉपिंगच्या जुन्या दगडी पायऱ्या तळापर्यंत उघड्या दिसतात. होड्यांतून किनाऱ्याला येणारे खलाशी अशाच पायऱ्यांवरून वर चढत.

आणि डिसेंबरात मुंबईला जाणाऱ्यांसाठी एक काम. मशीद बंदर स्टेशनवर पूर्वेला उतरून त्या इमारतीत जाऊन या. तिथल्या नावांत आपल्या गावाकडची आडनावं दिसली तर लिहून आणा. बोटीवर वाचून दाखवायला लागतील.